सवाष्णीचं पान

छायाबाई सवाष्ण म्हणून पाटावर बसली, तेव्हा तिच्या नवऱ्याला मरून नऊ दिवस झाले होते. सुतकसुद्धा फिटलं नव्हतं. पण सौंसर गावात हे तिच्याशिवाय कोणालाच ठाऊक नव्हतं.

बावीस वर्षांपूर्वी गजेंद्र ट्रकवर जातो म्हणून गेला आणि नागपुरात दुसरा संसार मांडून बसला. तो गेल्याचा फोन त्या दुसरीनेच केला. तुमाले सांगनं लागते म्हणाली आणि रडायला लागली. उलट छायाबाईनेच तिची समजूत घातली.

मग कुंकू पुसायला हात कपाळाशी नेला आणि तिथेच थांबवला. त्या माणसाने तिला घर दिलं नाही, लेकरू दिलं नाही. कुंकू तेवढं मागे राहिलं होतं. त्याच्या जोरावर दरवर्षी महालक्ष्म्यांना विजयमालाबाईंकडून तिला जेवणाचं बोलावणं यायचं. एरवी ती याच घरी मागच्या दाराने येऊन भांडी घासायची. त्या एका दिवशी पुढच्या दाराने यायची आणि माणसं तिला ‘या, बसा’ म्हणायची. ते काही सुटेना.

आंबील, पुरणपोळी, सोळा भाज्या. विजयमालाबाईंची नणंद उर्मिला गेल्या वर्षी शेजारच्याच पाटावर होती. यंदा विधवा झाली, म्हणून आत विडे लावत बसली होती. जिचं सगळ्यांना ठाऊक ती आत, आणि जिने लपवलं ती बाहेर पाटावर. छायाबाईला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तरी तिने पान चाटूनपुसून संपवलं. भूक लागली होती, त्याला काय करणार.

जेवणं झाल्यावर नवी सून वृषाली पाया पडायला वाकली. छायाबाईने पाय झटकन साडीत ओढून घेतले.

“माह्या पायाले नको लागू, पोरी.”

“काऊन जी मावशी?”

खरं ते अगदी ओठांवर आलं होतं.

“मी भांडेवाली आहो,” ती म्हणाली.

विजयमालाबाईंचे डोळे भरून आले. नवऱ्याने टाकलं, पण बाईने कुंकवाला कसं जपलं ते पाहा, असं त्या सगळ्यांना सांगू लागल्या. सुनेला त्यांनी पुन्हा वाकायला लावलं. या खेपेला छायाबाईने पाय हलवले नाहीत. ‘अखंड सौभाग्यवती हो’ एवढं कसंबसं पुटपुटली.

ओटी भरताना विजयमालाबाई म्हणाल्या, “पुढच्या वर्साचंबी तुलेच सांगून ठेवतो. येशीन ना?”

छायाबाईला मान वर करवेना.

“येईन जी,” ती म्हणाली.