शेवटचा टाका

मित्रांनो, मी एक जुनी चीर आहे. कापडातली नव्हे आणि भिंतीतलीही नव्हे. हिरोक गावाच्या वरच्या कुरणात, जमिनीपासून हातभर उंच, मी नुसत्या हवेत पडलेली आहे. माझ्या अलीकडे हे जग, पलीकडे दुसरं. लोकांना अंगण असतं. मी म्हणजे दोन अंगणांमधली फट!

माझा जन्म भांडणातून झाला. दोन जादूगार भाऊ वाटणीला बसले होते. कुरण वाटून झालं, मेंढ्या वाटून झाल्या आणि आभाळावर घोडं अडलं.

"या कुरणावरचं आभाळ माझं," थोरला म्हणाला.

"वा रे वा! आणि माझ्या वाटच्या गवतावर पाऊस कोण पाडणार, तुझा बाप?"

"गाढवा, बाप तुझाही तोच होता!"

धाकटा असा उखडला, की त्याने मंत्राची सुरी काढून हवेतच रेघ ओढली. सुरी फार खोल गेली. मी उघडले आणि थोरला बोलता बोलता माझ्यातून पलीकडे ओढला गेला.

धाकट्याने हाका मारमारून घसा फोडला. मी रुंदावत चालले, तेव्हा त्याने लोकरीचा दोरा वळला, दाभण घेतला आणि रडत रडत मला शिवलं. शेवटचा टाका मात्र त्याने घातला नाही. हिरोकमध्ये घरातलं माणूस बाहेर असलं की दाराला कडी लावत नाहीत. "दादा बाहेर आहे अजून," एवढंच तो म्हणाला.

पुढे तीच रीत झाली. त्या उघड्या टोकापासून माझी शिवण दरसाल उसवायची आणि मेंढ्या कातरून झाल्या की गाव मला पुन्हा शिवायचं. कातरणीची पहिली लोकर माझी! घराघरातून एकेक पेळू यायचा, बायका गाणी म्हणत टाके घालायच्या, माझ्याखाली लोण्याचा दिवा लागायचा. मित्रांनो, शिवताना मला दुखत नसे. उलट इतकी माणसं आपल्यासाठी जमतात, याचं केवढं कौतुक वाटायचं म्हणून सांगू! शेवटचा टाका मात्र प्रत्येक वेळी तसाच राही. थोरल्याचं नावही कुणाला आठवेना, तरी त्याच्यासाठी कडी उघडीच.

मग दिवस पालटले. खालच्या बाजारात लोकरीला मागणी आली आणि माझा पेळू बारीक होत गेला. एका वर्षी तर कातरणी संपली, लोकर खेचरांवर लादली गेली, तरी माझ्याकडे कुणी फिरकलं नाही.

"अगं सोर्वा, चिरीचे टाके राहिलेत," म्हातारी ओल्माआत्या म्हणाली. गावाचा दाभण तिच्याकडे असायचा.

"घालू गं आत्या, बाजार उरकला की. ती काय पळून जातेय?" सोर्वा हसत म्हणाली.

पळून नाही गेले मी. उसवत गेले.

सोर्वाला दोन मुली. थोरली ल्हेम आणि नुकती पळायला शिकलेली पिकू. माझ्यातून पलीकडची उबदार हवा येऊ लागली, तशी पोरं माझ्याशी खेळायला जमली. आत भाकरीचा तुकडा टाकायचा, की त्या वाऱ्याबरोबर निळं फूल बाहेर यायचं. गंमतच ती! ल्हेम सगळ्यांत पुढे.

"ए ल्हेम, मागे हो! गिळेल ती तुला," मैत्रीण ओरडली.

"गिळू दे! शाळा तरी बुडेल."

सगळ्या खदखदून हसल्या. ल्हेमने आणखी एक फूल धरायला हात लांब केला. मित्रांनो, मला हात नाहीत. असते तर मी तिला ढकलून दिलं असतं. हसू कुरणात राहिलं आणि ल्हेम पलीकडे गेली.

माझ्यातून परत येता येतं का पाहायला गावाने दोराला बांधून एडका सोडला. दोर तेवढा परत आला, टोकाला सुरीने कापल्यासारखा. आता मी भराभर उसवू लागले. जवळचं गवत माझ्याकडे झुकलं, दोन कोकरं गेली. बायकांनी घाईघाईने मला शिवलं. पण शेवटचा टाका उघडा ठेवला, की उन्हं कलायच्या आत सगळी शिवण उसवलेली. एवढी मोठी चीर कडी उघडी ठेवून मिटत नव्हती.

"पुरा घालावा लागेल गं," ओल्माआत्या हळूच म्हणाली.

"माझी पोर बाहेर आहे, आत्या! तुझ्या घरातलं कुणी असतं तर लावली असतीस कडी?"

आत्याने दाभण कमरेला खोचला. सोर्वा माझ्यासमोर ठाण मांडून बसली, ल्हेमची शाल मांडीवर घेऊन.

दुपारी तिचा जरा डोळा लागला. तेवढ्यात पिकू दुडुदुडु माझ्याकडे आली. "ताई, मी पण!" तिने हात वर केले. तिचे केस माझ्याकडे ओढले गेले, टाचा उचलल्या गेल्या, आणि सोर्वाने झेप घालून तिचा झगा धरला.

लेकीला छातीशी घेऊन ती ओल्माआत्याकडे वळली. मग म्हणाली, "आत्या, दाभण दे."

तिने ल्हेमच्या शालीचाच दोरा उसवून घेतला. मला शिवत ती टोकाला आली आणि थांबली. "ल्हेम, बाळा, जेवून घे गं वेळेवर," असं फटीतून म्हणाली आणि शेवटचा टाका घातला. गाठ मारली. त्या संध्याकाळी हिरोकमध्ये कुणी आपल्या दाराला कडी लावली नाही.

आता मी नुसता एक वण आहे. मित्रांनो, तुमच्याजवळ काही उसवत असेल, कापड असो की दोन माणसांमधलं काही, तर बाजार उरकायची वाट पाहू नका, एवढंच माझं मागणं.

आणि एक गोष्ट, जी सोर्वाला सांगायला मला तोंड नाही. माझी पलीकडचीही एक बाजू आहे. तिथेही कोकरं चरतात. दर कातरणीला सोर्वा इकडून माझ्यावर तळवा टेकते, तेव्हा पलीकडून एक मुलगी मला लोकरीने शिवत असते. आता ती चांगली उंच झाली आहे. टाके अगदी आईसारखे घालते.

शेवटचा मात्र घालत नाही. आई बाहेर आहे ना अजून.