सहाव्या बरणीतली तांबडी घरं

ओढ्यात उतरून आलेला माणूस अत्तराचा वास मारत जेवायला बसतो, हे काकूंनी उभ्या आयुष्यात पाहिलं नव्हतं. धाकट्याने शनिवारी दुपारी तेही दाखवलं. आला, दाराशी बूट काढले, तासभर न्हाणीघर अडवलं आणि नवऱ्या मुलासारखा भांग पाडून ताटावर बसला.

"ओढ्यावर गेला होतास की मुलगी बघायला?" काकूंनी विचारलं.

"आई, जेवू दे ना सुखाने."

"जेव की. मी कुठे घास मोजतेय? ही बिचारी समोर बसलीय, तिला तरी कळू दे कुठली मुलगी ते."

सुनेला ठसका लागला. धाकटा मान खाली घालून जेवला, हात धुतले आणि वर पुन्हा साबण लावून धुतले. काकू बघत राहिल्या. हाच पोरगा पूर्वी कोपरापर्यंत चिखल घेऊन घरात यायचा आणि तशाच हातांनी डबा उघडायचा. गेल्या वर्षी बढती मिळाली, टेबलाला काच आली, आणि साहेबाच्या नाकाला सगळ्याचाच वास यायला लागला.

धाकटा पर्यावरणाच्या खात्यात होता. डोंगरातून निघणाऱ्या ओढ्याच्या काठाने सात जागा ठरलेल्या होत्या, त्यांना ते लोक पॉइंट म्हणत. वर्षातून चार वेळा प्रत्येक पॉइंटवर पाण्यात उभं राहायचं, तीन मिनिटं पायाने तळाचे दगड ढवळायचे, पुढे जाळी धरायची आणि अडकेल ते बरणीत भरायचं. मग पांढऱ्या ट्रेत ओतून किडे निवडायचे, जातवार मोजायचे. कुठे कुठला किडा जगतो त्यावरून पाण्याची तब्येत कळते, आणि त्यावरून ऑफिस ठरवतं, कुणाला ओढ्यात काय सोडू द्यायचं आणि कुणाला नाही.

यातलं निवडण्याचं काम काकूंचं. सरकारदरबारी तशी नोंद नव्हती, पण धाकट्याला चष्मा लावूनही काडी कुठली आणि अळी कुठली ते दिसत नसे. काकूंनी शाळा दुसरीत सोडली होती. नजर मात्र धान्यातले खडे वेचून वेचून अशी तयार झाली होती की ट्रेत काही वळवळायच्या आधीच त्यांचा चिमटा तिथे पोचायचा. पंधरा वर्षं हेच चाललं होतं. फॉर्मवर प्रत्येक किड्याचं चित्र आणि शेजारी चौकोन होता, त्यामुळे अक्षरांवाचून अडत नव्हतं. किड्यांना त्यांनी आपली नावं ठेवली होती. शेपटीला तीन केस असलेल्या त्या तीनशेपट्या. त्यांना पाणी जरा मळलेलं चालत नाही. घाणीत खुशाल लोळतात ते लाल दोरे. आणि तळातले वाळूचे कण, खडे अंगाभोवती चिकटवून नळीसारखं घर बांधतात, ते घरवाले. काकूंचा सगळा जीव घरवाल्यांवर.

"शी! काकू, जेवायच्या टेबलावर?" शेजारीण दर वेळी नाक मुरडायची.

"तुझ्याकडच्या तांदळात मी याहून मोठे बघितलेत," काकू म्हणायच्या. "आणि तू ते शिजवलेस."

या वेळच्या मोजणीवर मात्र काकूंच्या लेकीचं पाणी टांगलेलं होतं. थोरलीला खालच्या वस्तीत दिली होती. सातवा पॉइंट तिच्या दारासमोर, वस्तीच्या विहिरीला लागून. पाचव्या आणि सहाव्याच्या मध्ये रंगाचा कारखाना होता आणि त्याला ओढ्यात दुसरा पाइप सोडायची परवानगी हवी होती. विहिरीच्या पाण्याला वास येतो, नातीच्या हातांची सालं निघतात, असं थोरली फोनवर कधीपासून सांगत होती. ऑफिसने कळवलं होतं की ही मोजणी होऊ द्या. पाणी खराब निघालं तर पाइप अडवू, विहीर बंद करून टँकर देऊ. चांगलं निघालं तर विहीर चालू आणि पाइपही चालू. सोमवारी फॉर्म जायचा होता.

जेवणं झाल्यावर काकूंनी टेबल पुसलं, ट्रे मांडला आणि फ्रीजमधल्या दुधाशेजारच्या बरण्या एकेक करून काढल्या. वरच्या चार रीतसर झाल्या. पाचवीही झाली. सहावी ओतली आणि चिमटा हवेतच राहिला.

ट्रेत तीनशेपट्या पळत होत्या. कारखान्याखालच्या पाण्यात! गेल्या दोन खेपांना तिथे एक दिसली नव्हती. त्यापाठोपाठ घरवाले हळूहळू चालायला लागले. काकूंनी एकाला तळहातावर घेतलं, खिडकीशी नेलं. घर तांबडं होतं. दुसऱ्याचंही तांबडं. तिसऱ्याचंही.

तांबडी खडी ओढ्याला फक्त कारखान्याच्या वरच्या अंगाला, पाचव्या पॉइंटपर्यंत. खाली सगळी राखाडी वाळू. या किड्याला हौस म्हणून लांबून खडे आणता येत नाहीत, पायाशी असेल तेच तो अंगावर घेतो. काकूंनी सातवी बरणी उघडली. तिथेही तांबडी घरं.

"सहाव्यावर पाणी कसं होतं रे?" त्यांनी आत हाक मारली.

"बरंच सुधारलंय," पलंगावरून आवाज आला. "आकडे मांडून ठेव, मी उद्या फॉर्मवर उतरवतो."

"आणि वास?"

"नाही एवढा."

काकू उठल्या आणि दाराशी गेल्या. बुटांच्या तळव्यात तांबडा चिखल होता, राखाडी कण एक नाही. त्यांनी आकडे मांडले नाहीत. रात्री जेवल्याही नाहीत. पित्त झालंय म्हणाल्या.

रविवारी सकाळी धाकटा घोरत असताना त्यांनी सुनेला उठवलं. "जाळी घे, रिकामी बरणी घे. चल."

"कुठे आई?"

"तुझा नवरा जिथे गेला नव्हता तिथे."

रिक्षावाल्याने डांबरी रस्ता संपला तिथे उतरवलं. पुढे पाऊलवाट. कारखान्याची भिंत ओलांडली तसा वास आला. आधी नासक्या अंड्यांचा, मग त्याखालून काहीतरी गोडसर, घशात चिकटणारा. सुनेने नाकाला ओढणी लावली. काकूंनी साडी गुडघ्यापर्यंत खोचली आणि सहाव्या पॉइंटवर पाण्यात पाऊल टाकलं. पाऊल तळाला लागेना. सायीसारख्या काळ्या थरात ते पोटरीपर्यंत गेलं आणि भोवती जांभळट फेस आला. त्यांनी पायाने ढवळलं तशी तळातून बुडबुड्यांची रांग वर आली आणि दोघींच्या तोंडावर फुटली.

"आई, बाहेर या, मला मळमळतंय!"

"मळमळू दे. घड्याळ बघ. तीन मिनिटं म्हणजे तीन मिनिटं."

जाळी उचलली तेव्हा ती जड होती. काळा लगदा, केसांसारखा चिकट गुंता, एका चपलेचा पट्टा, आणि त्या सगळ्यात लाल दोरे. शेकड्याने वळवळणारे, एकमेकांत गुंतलेले. मेलेल्या माशाच्या पोटातूनही तेच बाहेर येत होते. तीनशेपट्या नाहीत. घरवाला एकच सापडला: राखाडी घर, आणि आत कुणी नाही.

बरणी भरून होते तोवर खालून थोरली विहिरीची भरलेली बादली तशीच हातात घेऊन येताना दिसली.

"आई? तू इथे काय करतेस?"

"तुझा भाऊ काल आला होता ना इकडे?"

"कुठे आला? मी चहा ठेवून दुपारपर्यंत वाट बघत बसले. म्हटलं, साहेब झालाय, वेळ नसेल." थोरली हसली. बादली धरलेले तिचे हात कोपरापर्यंत लाल झाले होते.

काकूंनी लेकीच्या हातातली बादली घेतली आणि तिथेच ओतून टाकली.

घरी परतल्या तेव्हा धाकटा इस्त्रीचा सदरा घालून टेबलाशी फॉर्म भरत होता. सहाव्याच्या चौकोनात त्याने स्वतःच अकरा तीनशेपट्या लिहून ठेवल्या होत्या. काकू आत आल्या तशा तो खुर्चीसकट मागे सरकला.

"आई! केवढा वास! पाय धुऊन तरी ये."

काकूंनी बरणी फॉर्मवर ठेवली. झाकण काढलं. काळं पाणी काठावरून त्या अकरावर ओघळलं.

धाकट्याने रुमाल नाकाला लावला.

"तुला कसं कळलं?" तो म्हणाला.

"घरं तांबडी होती."

त्याने बायकोकडे बघितलं. ती हात बांधून दाराला टेकून उभी होती, काही मदत करायच्या बेतात दिसत नव्हती.

"आई, खरंच तिथे उभं राहवत नाही गं," तो रुमालातूनच बोलला. "चौथ्यापर्यंत गेलो, पाचव्यावर कसाबसा उतरलो, पुढच्या वासानेच मागे फिरलो. म्हणून वर जाऊन दोन बरण्या जास्तीच्या भरल्या. एका खेपेने काय बिघडतं? पुढच्या वेळी नक्की—"

"ताई तिथलं पाणी पिते," सून म्हणाली.

काकूंच्या साडीच्या काठावरून काळं पाणी फरशीवर ठिबकत होतं. त्यांनी दाराशी ठेवलेले त्याचे बूट उचलून आणले आणि बरणीशेजारी, जेवायच्या टेबलावर, मांडले.

"पंधरा वर्षं या टेबलावर किडे निवडले मी," त्या म्हणाल्या. "लोक शी शी करून गेले, मला एकदा मळमळलं नाही. तुझे हे बूट बघितले आणि काल रात्री पहिल्यांदा अन्न गेलं नाही. बहिणीच्या तोंडात विष घालून तू वर साबणाने हात धुतोस? किळस मला तुझी येते रे. नवा कोरा फॉर्म काढ, ही बरणी माझ्यासमोर मोज, एक लाल दोरा कमी लिहिलास तर उद्या तुझ्या साहेबाच्या काचेवर हीच बरणी मी ओतीन. आणि मोजून झालं की जाळी घे. सातवा अजून राहिलाय."