बसूसाठी दहा मिनिटं

मडिवाळप्पा साहेब आमच्याकडं नवीनच आलेत. आल्या आल्या सगळ्यांसमोर मला धरलं. "बसू, नऊचा रिपोर्ट रोज नऊ दहाला का जातोय रे? हुडकून काढ. न्हायतर सोमवारी ते समदं जुनं फेकून नवीन सॉफ्टवेअर घेतो."

आता मला काय ठाऊक! मी पॅकिंगचा माणूस. चिंचोळी एमआयडीसीत आमचा टॉवेलचा कारखाना. विणकाम, रंगाई, शिलाई, पॅकिंग, चारही खात्यांनी कालचे आकडे आपापल्या फाईलीत भरायचे, ते एकत्र होऊन मालकांना मेल जातो. हे जोडायचं काम दानेश्वरीची स्क्रिप्ट करते. स्क्रिप्ट म्हणजे कम्प्युटरला लिहून दिलेली कामं: हे उघड, ते जोड, पाठवून दे.

दानेश्वरी आमच्या ऑफिसात चार वर्षं होती. तेच तेच काम करायचा तिला भारी कंटाळा. टॉवेलच्या डिझाईनचे पाचशे फोटो होते, त्यांना नंबर द्यायला मी दोन दिवस धरले होते. तिनं काळ्या पडद्यावर चार ओळी लिहिल्या आणि चहा यायच्या आत पाचशेच्या पाचशे फोटोंना नावं! कँटीनची यादी, जुन्या फाईलींची झाडलोट, सगळ्याला तिची स्क्रिप्ट. "दोनदा केलेलं काम तिसऱ्यांदा हातानं न्हाय करणार मी," म्हणायची.

मी तिला चिडवायचो. "तुझी ती नऊची स्क्रिप्ट लई मठ्ठ हाय की. रोज उशीर!"

"हाय खरं," असं म्हणून ती माझ्याकडं बघत हसायची. त्या हसण्यावर माझा अख्खा दिवस निघायचा, आणि मी गाढव ते कधी बोललो नाही.

दोन वर्षांपूर्वी तिचं लग्न ठरलं, कलबुर्गीला. शेवटच्या दिवशी ती माझ्या टेबलाशी आली. "बसू, नऊच्या रिपोर्टची फाईल एकदा उघडून वाच. मराठीत लिवून ठेवलंय."

मी फुगून बसलेलो. म्हटलं, "तुझं ते काळं काय मला कळत न्हाय."

तिनं खांद्याला पर्स अडकवली. मग गेली.

ऑफिसात तिचं म्हणून आता तेवढंच उरलंय. सकाळी तो मेल गेला की वाटतं, आहे ती, आतल्या खोलीत बसलीय. नवीन सॉफ्टवेअर आलं की तेही संपणार. म्हणून झक मारत परवा दुपारी तिच्या स्क्रिप्टची फाईल उघडली, पहिल्यांदा.

ओळीच्या सुरुवातीला हॅशचं चिन्ह असलं की कम्प्युटर ती ओळ सोडून देतो, ती माणसानं वाचायची असते. एवढं तिनं मला शिकवलं होतं.

# चार फाईली जोडते. एखादी नसली तर तसं लिहून पाठवते.
# विणकाम, रंगाई वेळेत असतात. शिलाईला एक फोन करावा लागतो.
# बसूची पूजा लांबते, आई सोडत नाही. त्याच्यासाठी दहा मिनिटं थांब.
sleep 600
# उशीर का होतो असं त्यानं खरंच विचारलं, तर सांगेन.
# आज माझा शेवटचा दिवस. विचारलं नाही त्यानं. तरी थांब.

sleep 600 म्हणजे सहाशे सेकंद थांब, दहा मिनिटं. आम्ही लिंगायत, आमच्या घरी गळ्यातलं इष्टलिंग तळहातावर घेऊन पूजा झाल्याबिगर आई चहाचा थेंब देत नाही. म्हणून मी पोचतो नऊ पाचला, धावतपळत फाईल भरतो नऊ आठला. इतकी वर्षं वाटायचं, नशीब आपलं, थोडक्यात वाचलो. अरे कसलं नशीब! कम्प्युटरनं त्या ओळी सोडल्या त्या सोडल्या, मीही सोडल्या.

फोनमध्ये तिचं नाव काढलं. बघत बसलो. तिच्या कडेवर आता वर्षाचं पोर आहे. आता विचारून काय मिळणार? फोन खिशात ठेवला. 

थांबायची ती ओळ ठेवली तर साहेब सगळंच फेकणार. पुसायला हात होईना. मग मी sleep 600 च्या ओळीच्या सुरुवातीला एक हॅश टाकला. कम्प्युटर आता ती सोडून देईल. मला वाचता येईल.

काल आईला म्हटलं, आज जरा लवकर आवरू. "देवाला कसली घाई रे?" म्हणाली. पोचलो नऊ पाचला.

साहेब खूश. "शाब्बास! रिपोर्ट टायमात गेला की. पण ह्यात 'पॅकिंग: फाईल नाही' असं आलंय. तुझीच फाईल कुटं हाय?"

"भरतो साहेब," म्हटलं.

खुर्चीत बसलो आणि कालचे आकडे भरले, सावकाश. मेल गेला होता. माझ्यासाठी कोणी थांबलेलं नव्हतं.