तातेरावांनी दिलेला दिवस

बदनापूर स्टेशनाच्या पलीकडे एक माळ आहे. जाणाऱ्या-येणाऱ्याला तिथे बाभळी आणि दगड दिसतात. ज्याला प्रवेश मिळालाय त्यालाच फाटक दिसतं, आणि फाटकाच्या आत कालविद्यापीठ. रूपाली खरात तिथे अठराव्या वर्षी शिकायला आली, शिकून झाल्यावर ग्रंथालयातच नोकरीला राहिली आणि बघता बघता त्रेचाळीस वर्षांची झाली.

त्या ग्रंथालयात पुस्तकं थोडी, दिवस जास्त. माणसांनी देऊन टाकलेले दिवस पितळी डब्यांत बंद करून फळ्यांवर मांडलेले. झाकण काढलं की वाचणारा त्या दिवसात उतरायचा; ज्याचा दिवस, त्याच्या डोळ्यांनी सगळं बघायचा. देणाऱ्याच्या आठवणीतून मात्र तो दिवस कायमचा पुसला जायचा. दुपारी वाचनकक्षात चाळीसेक माणसं बसलेली असत. कुणी निजामाच्या काळातल्या बाजारात, कुणी दुष्काळातल्या एखाद्या सकाळी. सगळे एकाच खोलीत, पण आजच्या दिवसात एकटी रूपाली. तिने चहा विचारला तरी कुणी मान वर करत नसे.

पंचवीस वर्षं झालेल्या डब्यांची मोहर फोडून नोंद करायची, हे तिचं काम. आधी डबा तराजूत ठेवायचा, कारण दिवसांना वजन असतं. त्या मंगळवारी तिने एक डबा ठेवला आणि पारडं दाणकन खाली बसलं. एवढा जड दिवस तिने कधी हाताळला नव्हता. मोहर फोडल्यावर तिच्याखालच्या चिठ्ठीवर निळा अंगठा दिसला. खाली कारकुनाचं अक्षर: तातेराव खरात, कुंभार पिंपळगाव. मुलीच्या प्रवेशापोटी.

रूपाली तिथेच फरशीवर बसली. तातेराव तिचे वडील. जन्मभर दुसऱ्यांच्या विहिरी खोदल्या त्यांनी. प्रवेशाला काय लागलं, हे त्यांनी तिला कधी सांगितलं नव्हतं.

तिने झाकण काढलं.

ती नऊ वर्षांची होती तो दिवस. तीर्थपुरीला स्कॉलरशिपची परीक्षा होती. बापलेक पहाटे चालत निघाले, वाटेत ओढ्याला पाणी आलेलं. वडिलांनी तिला खांद्यावर घेऊन ओढा पार केला, पण शाळेत पोचेपर्यंत दार लागलं होतं. कुणी आत घेतलं नाही. वडिलांनी शिपायाच्या विनवण्या करून एक प्रश्नपत्रिका मिळवली आणि रस्त्याकडेच्या लिंबाखाली तिला बसवलं. "मी मास्तर. वाच अन् उत्तर सांग." त्यांना अक्षर ओळखता येत नव्हतं. ती सांगत गेली, ते प्रत्येक उत्तराला "बराबर!" म्हणत गेले. अधूनमधून म्हणायचे, "पुन्यांदा बघ." आणि तिथेच तिचं चुकलेलं असायचं.

त्यांना हे कसं कळतं, याचं तिला लहानपणी मोठं नवल वाटे. आज त्यांच्या डोळ्यांनी बघताना कळलं. ते तिच्या चेहऱ्याकडे बघत होते. तिची खात्री असली की बराबर, भुवई जरा हलली की पुन्यांदा बघ.

पदवी मिळाली तेव्हा तिने विचारलं होतं, "आबा, तो लिंबाखालचा पेपर आठवतो?" ते म्हणाले होते, "कंचा पेपर?" ते तिच्या मनाला लागलं. तेव्हापासून तिचं गावाकडे जाणं कमी झालं. आई वारल्यावर तर दिवाळीपुरतंच उरलं.

ती मुख्य ग्रंथपाल केशरबाईंकडे गेली. "हा दिवस परत देता येतो का?"

"येतो," केशरबाई म्हणाल्या. "तेवढ्याच वजनाचा दुसरा दिला तर. आधी नुसतं वजन बघ. पारड्यात हात ठेव अन् तुझा एखादा दिवस आठव."

रूपालीने नोकरी लागली तो दिवस आठवला. पारडं हललं नाही. पदवीचा आठवला, जरासं थरथरलं. या माळावरची पंचवीस वर्षं तिने एकेक करून आठवली, पण काटा जागचा ढळेना. केशरबाईंनी खिडकीकडे तोंड फिरवलं. शेवटी रूपालीने तोच लिंबाखालचा दिवस आठवला, तिच्या बाजूचा. पारडं सरळ खाली गेलं.

शनिवारी ती बसने गावाला गेली. आबा दारात बाजेवर बसले होते. तिने सगळं सांगितलं. लिंब, प्रश्नपत्रिका, बराबर. ते कुणा परक्याची गोष्ट ऐकावी तसे ऐकत होते.

"मंग? पुढं?"

"पुढं काही नाही. आपण घरी आलो. आबा, एवढा चांगला दिवस का दिला तुम्ही?"

"ते म्हन्ले, एक दिवस द्या. पोरीसाठी द्याचा तर म्या हलका दिला असता व्हय?"

"मी माझा देते. मग तुम्हाला तुमचा परत मिळंल."

"अन् तुला?"

"मला नाही आठवणार."

म्हाताऱ्याने तिला बाजेवर शेजारी बसवलं. मग म्हणाला, "न्हाई. दोघातल्या एकाला तरी राहू दे. तू ठिव. तू जवान हाईस, तुझ्यापाशी टिकंल. मला सांगत जा फकस्त."

संध्याकाळी शेजारच्या साळूबाई आल्या. रूपाली आत भाकरी थापत होती. बाहेरून आबांचा आवाज येत होता. "साळूबाई, एक मानूस व्हता. त्याला वाचता येत नव्हतं, अन् तो पेपर तपासून राह्यला होता..." साळूबाई हसत होत्या. आबाही हसत होते, गावातल्या दुसऱ्याच कुणावर हसावं तसे. रूपालीचे हात परातीत थांबले. त्या दिवसाला आता तिच्याशिवाय कुणी नव्हतं.

रविवारी ते तिला स्टँडवर सोडायला आले. बसला उशीर होता.

"एक इचारू?" आबा म्हणाले. "त्या दिशी आपुन जेवलो होतो का? मला ते कालपासून घोर लावून राह्यलंय."

रूपालीने त्या पितळी डब्यातल्या दिवसात बघितलं होतं. फडक्यात दोन भाकरी होत्या. "माझं पहाटेच झालं," असं सांगून त्यांनी दोन्ही तिला चारल्या होत्या आणि घरी येईपर्यंत ओढ्याच्या पाण्यावर दिवस काढला होता.

"जेवलो आबा," ती म्हणाली. "एक तुम्ही, एक मी."

"बरं झालं," ते म्हणाले, आणि तिच्या पिशवीला हात देऊन तिला बसमध्ये चढवलं.