मालनच्या कार्डावरचा आकडा

त्या गुरुवारी दुपारी सड्यावर, गावाबाहेरच्या कातळाच्या माळावर, चार-पाचशे माणूस जमलं असेल. साल १९८४, मार्चचं ऊन, पायाखाली तापलेला कातळ, तरी कुणी हलायला तयार नाही. मांडवात कातळबाबा डोळे मिटून बसलेला. हा मूळचा कुठला ते कुणालाच ठाऊक नव्हतं. दिवाळीनंतर रत्नागिरीत उगवला आणि चार महिन्यांत अख्ख्या तालुक्याचा होऊन बसला.

"मालगुंडची मालन धोंडू पेडणेकर," बाबानं डोळे न उघडता हाक दिली. "पुढे ये. ओझी वाहून तुझ्या कमरेचं शेवटचं हाड चिरलंय. मला इथून दिसतंय."

गर्दीतून एक बाई उठली. कडेवर दीड वर्षाचं, काड्यांसारख्या हातापायांचं लेकरू. ती पुढे आली आणि म्हणाली, "हीच मालन."

मागे कुणीतरी फिसकन हसलं. बाबानं एक डोळा उघडला, मुलीकडे बघितलं, पुन्हा मिटला आणि क्षणभरही न अडखळता गाऱ्हाणं सुरू केलं. बा सड्यावरच्या देवा म्हाराजा, ह्या लेकरानं गेल्या जन्मी चिऱ्यांची ओझी वाहिली, ती कळ ह्या जन्मी सोबत आणली, तिचं निवारण कर रे म्हाराजा! लगेच पाचशे गळे एका सुरात, "व्हय म्हाराजा!" हसणाराही त्यात ओरडला. झालं, गेल्या जन्माचं दुखणं ओळखणारा बाबा म्हणून त्याची किंमत आणखी वाढली.

मी मात्र चपापलो, कारण ही मालन मला कागदावरून माहीत होती.

मी गंगाराम. रत्नागिरीच्या सरकारी इस्पितळात रेकॉर्ड कारकून. माझं काम कुणाला सांगायला जावं तर समोरचा जांभई देतो, पण आज ऐकावंच लागेल. प्रत्येक रोगाला एक ठरलेला आकडा असतो. डॉक्टर केसपेपरवर रोग लिहितात, मी जाडजूड पुस्तकात बघून त्यापुढे आकडा घालतो. मग एका कार्डावर रोग्याचं नाव, गाव आणि केसपेपरचा नंबर लिहून ते त्या आकड्याच्या खणात टाकतो. वयाला कार्डावर जागा नाही. सतत वाकून, ओझं उचलून कमरेच्या मणक्याला बारीक चीर जाते, तिचा आकडा सातशे अडतीस पॉइंट चार. तो खण उघडला की जिल्ह्यातले असले सगळे रोगी दोन मिनिटांत हाताशी. मला त्या कपाटाचा फार अभिमान होता, कसला मेला अभिमान!

त्याच खणात माझ्या भाच्याचं, रघूचं कार्ड होतं. रघू माझ्या बहिणीचा, सखूचा एकुलता एक. बाप मुंबईला गिरणीत, हा एकोणिसाव्या वर्षापासून चिरेखाणीवर. दिवसभर कमरेत वाकून जांभा दगड तोडायचा आणि चिरे गाडीत चढवायचे. फेब्रुवारीत त्याची कंबर धरली. डॉक्टर टिकेकरांनी एक्स-रे काढला, पट्टा दिला आणि बजावलं, तीन महिने वाकायचं नाही, ओझं उचलायचं नाही. तरण्या वयात ही चीर बहुतेक वेळा विश्रांतीनंच जुळते. पण मध्येच ओझं उचललंस तर मणका सरकेल, मग पाय लुळा पडला तर माझ्याकडे येऊ नकोस.

दोन आठवड्यांनी सखूच्या घरी पोस्टकार्ड आलं. 'रघू, तुझं दुखणं मला दिसलं. गुरुवारी सड्यावर ये.' खाली त्रिशूळ. सखूनं रडून घर डोक्यावर घेतलं, म्हणाली, "दादा, बाबाला आपण सांगितलं नाय, कुणी सांगितलं नाय. मग हे देवाशिवाय कोण सांगणार?" बाबानं भर मांडवात हाडाचं नाव सांगितलं. आणि उपाय काय दिला? फळीवर निजायचं, वाकायचं नाही, ओझं उचलायचं नाही. म्हणजे टिकेकरांचंच औषध, वर अंगारा. रघूला उतार पडायला लागला तसा तो बाबाच्या नावावर जमा झाला. खोटं कशाला बोलू, मीसुद्धा डळमळलो होतो. रघूचा रोग ह्याला कळला कसा, ह्याचं उत्तर माझ्यापाशी नव्हतं.

त्या गुरुवारी मालननंतर बाबानं रघूला पुढे घेतलं. पाठीवरून मोरपीस फिरवलं आणि जाहीर केलं की हाड सांधलं, पुढच्या गुरुवारी हा पोरगा पट्टा टाकून सर्वांदेखत चिरा उचलील. पाच आठवडेच झाले होते. सखूनं आनंदानं डोळ्यांना पदर लावला.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात गेल्या गेल्या मालनचा केसपेपर काढला. डॉक्टरांनी लिहिलं होतं, मुलीची वाढ होत नाही. त्याचा आकडा सातशे त्र्याऐंशी पॉइंट चार. पेपरावर मी बरोबर घातला होता. मग त्या खणात कार्ड शोधलं, तर नाही. सापडलं सातशे अडतीसमध्ये, रघूच्या पाठोपाठ. कार्ड लिहिताना आठ आणि तीनची मी अदलाबदल केली होती. अक्षर माझंच.

 मालनच्या आईला माहीत होतं मूल वाढत नाही, डॉक्टरांना माहीत होतं. मालनची कंबर मोडलीय हे साऱ्या जगात एकाच ठिकाणी लिहिलेलं, ते ह्या कार्डावर, माझ्या चुकीनं. आणि देवाला दिसली ती नेमकी माझी चूक!

कपाटाच्या किल्ल्या दोन. एक माझ्याकडे. दुसरी एक्स-रे खात्यातल्या महिपतकडे. आईच्या बाराव्याला गावी गेलो तेव्हा मीच दिली होती आणि परत मागितली नव्हती. अकरा वर्षं आम्ही एका टेबलावर जेवत होतो. त्याच्या डब्यातली कुळथाची पिठी मी खायची आणि माझी मासळी त्यानं, असं ठरूनच गेलेलं. त्याच्याकडून किल्ली मागायची असते हे माझ्या मनातही आलं नव्हतं. मांडवात बाबाच्या शेजारी तो बसायचा हेही मी पाहिलं होतं, पण भक्त असेल म्हणून सोडून दिलं.

मी कार्ड त्याच्यापुढे ठेवलं आणि विचारलं, ह्या खणातली नावं बाबाला तूच देतोस ना? त्यानं ते पाहिलं आणि नाकारलं नाही.

"तूच रोज जेवताना सांगतोस, ही चीर पडून राहिलं की भरते," तो म्हणाला. "मग लोक बाबाचं नाव घेऊन बरे झाले तर कुणाचं काय बिघडलं? वीस वर्षं मी अंधाऱ्या खोलीत फिल्मा धुतोय, गंगाराम. कुणी नाव विचारलं नाही. बाबा मला मांडवात शेजारी बसवतो."

"आणि रघूचं कार्ड?" मी विचारलं. "तो तुझ्या डोळ्यांदेखत मोठा झालाय."

 तो म्हणाला, बाबाला सांगून चिऱ्याचं रद्द करतो, तू आरडाओरडा करू नकोस. मी त्याच्यावर विश्वास ठेवला. पुन्हा! माझ्यासारखा गाढव मीच.

सखूला सगळं सांगितलं तर ती मलाच म्हणाली, तुला बाबाचं बरं बघवत नाही. गुरुवारी सड्यावर गेलो. मांडवासमोर चाळीस किलोचा चिरा हळदकुंकू लावून ठेवलेला. बाबाच्या शेजारी महिपत, नजर खाली. रघूनं पट्टा सोडून आईच्या हातात दिला होता. 

मालनचा केसपेपर आणि कार्ड मी सोबत आणलं होतं, ते घेऊन सरळ जाऊन चिऱ्यावर बसलो. सरकारी कागद इस्पितळाबाहेर नेल्याबद्दल मला नंतर मेमो मिळाला, तो मी जपून ठेवलाय. मालनची आई पुढेच बसली होती. मी तिला मोठ्यानं विचारलं, मुलीला इस्पितळात कशासाठी आणलं होतंस? ती म्हणाली, वाढत नाही म्हणून, पाठीला तिच्या काही नाही. मग मी पेपर वाचला, कार्ड वाचलं, आणि पाचशे माणसांत सांगितलं की ही चूक माझी. बाबाला दिव्यदृष्टी असती तर खरा रोग दिसला असता. त्यानं वाचलं ते माझं चुकीचं कार्ड.

बाबा गेल्या जन्मावर येऊ लागला. मी म्हटलं, "ह्या जन्मीचं ऐक. सरकारी कपाटातली नावं बाहेर गेल्याची तक्रार मी आजच लेखी देतोय. उद्या पोलीस विचारतील, कुणी दिली. किल्ली दोघांकडेच आहे. एक मी. दुसरा इथं बसलाय, त्यानं आपणहून उभं राहावं."

मी वाट पाहिली. मनापासून वाट पाहिली. महिपत उठला नाही. त्यानं मान वर केली आणि लोकांना सांगितलं, गंगारामचं डोकं फिरलंय, ते कपाट मी कधी उघडलेलंच नाही.

पण पोलिसांचं नाव ऐकून बाबाची दिव्यदृष्टी भलतीच चलाख झाली. त्यानं बोट केलं थेट महिपतकडे. "मला काय माहीत? हाच चिठ्ठ्यांवर नावं आणून द्यायचा. हाच सांगायचा कुणाचं आपोआप बरं होईल."

 बाबानं घाईघाईनं गाऱ्हाणं सुरू केलं, म्हाराजा, म्हाराजा म्हणून दोनदा थांबला, पण "व्हय" म्हणायला एक गळा उठला नाही.

रघू माझ्याजवळ आला. विचारलं, "मामा, मला बरं वाटतंय ते पण खोटंच काय?"

"ते खरं आहे," मी म्हटलं. "ते तुझ्या सहा आठवडे पडून राहण्याचं आहे. अजून सहा राहिलेत." सखूनं पट्टा त्याच्या कमरेला बांधला. तो दोनदा सुटला.

तुम्हाला कुणी न सांगता तुमचं दुखणं सांगितलं, तर हात जोडण्याआधी एवढंच विचारा, ह्याला हे कुणी सांगितलं असेल? कुठे लिहिलेलं आहे? कुणाकडे किल्ली आहे? आणि बरं वाटलं तर आठवा, तुम्ही काय काय केलं होतं. एवढ्याला शाळा लागत नाही. माझ्या डोळ्यांपुढे हे सगळं होतं, तरी मी विचारलं नाही, कारण किल्लीवाला माझा मित्र होता.

मालनचं कार्ड मी लाल शाईनं दुरुस्त केलं, खाली सही केली, आणि तिच्या आईला घेऊन स्वतः टिकेकरांकडे गेलो. जूनमध्ये रघूचा नवा एक्स-रे निघाला, चीर जुळली होती. फिल्म धुवायला खात्यात दुसरा माणूस होता.

त्याआधी, महिपतची बदली व्हायच्या आदल्या दिवशी, तो डबा घेऊन माझ्या टेबलाशी आला. म्हणाला, बाबानं मला फसवलं रे. मी त्याच्यापुढे हात पसरला. त्याला वाटलं पिठी मागतोय, म्हणून त्यानं डब्याचं झाकण काढलं.

"किल्ली," मी म्हटलं.