उजव्या तर्जनीची जागा

“बोट गेलं कधी, ते आधी सांगा,” भिंगबाई म्हणाल्या.

इस्पितळातून आलेली सिस्टर गोंधळली. ‘नोंद नाही’ असा शेरा मारलेला कागद न्यायचा, एवढ्याच कामाला ती आली होती. तीन आठवड्यांपूर्वी बसथांब्यावर सापडलेल्या एका आजोबांना स्वतःचं नाव आठवत नव्हतं. उद्या सकाळी त्यांना लांबच्या निराधार आश्रमात हलवायचं होतं. एकदा तिथे गेले की मग ते कोण, कुठले, हे विचारायला कुणी बसणार नव्हतं.

“बोट ना? यंत्रात गेलं म्हणतात. टक्कल पडलं त्या वर्षी. नाव आठवत नाही, पण टक्कल कधी पडलं ते बरोबर लक्षात आहे बघा!”

सिस्टर हसली. भिंगबाईंनी मात्र पुढे केलेला कागद मागे घेतला.

भिंगबाई हे नाव त्यांना ठसे विभागातल्यांनीच ठेवलं होतं. एकतीस वर्षं त्या भिंगातून लोकांची बोटं बघत होत्या. भाजी घेतानासुद्धा त्यांचं लक्ष भाजीवाल्याच्या अंगठ्याकडे. रेघा एका बाजूने येऊन, वळसा घेऊन त्याच बाजूला परतल्या तर शंख. गोल फिरल्या तर चक्र. नुसत्या उंचावून पलीकडे उतरल्या तर कमान. दहा बोटांपैकी कुठे कुठे चक्र आहे, त्यावरून त्या माणसाच्या ठशांच्या पत्रकाचा कप्पा ठरायचा. एक बोट बदललं की कप्पा बदलला. आणि बोटच नसेल तर? तर दुसऱ्या हाताचं तेच बोट बघायचं आणि इथेही तसंच होतं असं धरून चालायचं. नियमच तसा. आजोबांची उजवी तर्जनी नव्हती, डावीवर शंख होता. भिंगबाईंनी उजवीलाही शंख लिहिला, तो कप्पा शोधला आणि शेरा मारून मोकळ्या झाल्या.

पण टक्कल पडायच्या आधी, तरुणपणी, कुणी त्यांचे ठसे घेतले असतील तर? तेव्हा बोट जागेवर होतं. आणि ते डाव्यासारखंच असेल, हे कुणी सांगितलं?

“सिस्टर, बसा. चहा घ्या. मला तासभर द्या.”

जुनी पत्रकं अजून संगणकात गेली नव्हती. भिंगबाईंनी उजव्या तर्जनीवर चक्र असलेल्यांचा कप्पा उघडला, आणि धुळीने दोन शिंका आल्या. चारशेच्या वर पत्रकं. नऊ बोटं जुळायला हवीत. आजोबांच्या डाव्या करंगळीवर शंखाच्या कडेच्या त्रिकोणापासून मधल्या गाभ्यापर्यंत तेरा रेघा होत्या. भिंगबाई प्रत्येक पत्रकावर सुईच्या टोकाने तेवढ्याच मोजत चालल्या. अकरा, नाही. सोळा, नाही. पहिल्या वर्षी वाटायची तशी उत्सुकता त्यांना वाटत होती, आणि या वयात हे काय, असंही वाटत होतं.

मध्येच सकाळचं बोलणं आठवत होतं. मुलीला दूरच्या एका वेधशाळेत दोन वर्षांची नोकरी मिळत होती. होकार आजच कळवायचा होता. “बाबा असते तर नाहीच म्हणाले असते,” भिंगबाईंनी सांगून टाकलं होतं. नवरा गेल्यापासून चार वर्षं घरात त्याची मतं त्याच सांगत. पडद्याचा रंग त्याला आवडला नसता, नवं कपाट त्याला नको वाटलं असतं. मुलगी ऐकून घ्यायची. मेलेल्या माणसाशी वाद कसा घालणार?

दोनशे काहीतरी पत्रकं झाली आणि करंगळी तेरावर थांबली. मग अनामिका जुळली, मग मधलं बोट. भिंगबाईंनी चष्मा पुसून पुन्हा पाहिलं. नऊच्या नऊ! आणि उजव्या तर्जनीच्या चौकोनात, काळंभोर, गरगरीत चक्र.

सरकारी छापखान्यात कामाला लागताना घेतलेले ठसे होते. खाली नाव, वडिलांचं नाव, पत्ता.

“मूळ पत्रक घेऊन जाऊ का, साहेब?” त्यांनी विचारलं. साहेब फोनवर होते, त्यांनी नुसता हात हलवला. भिंगबाईंनी त्याचा अर्थ आपल्याला हवा तो घेतला आणि पत्रक पिशवीत टाकून सिस्टरबरोबर निघाल्या.

आजोबा खाटेवर नीट मांडी घालून बसले होते. भिंगबाईंनी पूर्ण नाव वाचून दाखवलं. आजोबांनी लक्षपूर्वक ऐकलं.

“चांगलं आहे की,” ते म्हणाले. “कुणाचं?”

सिस्टरने तोंड फिरवलं. भिंगबाईंना फार वाईट वाटलं. मग त्यांनी पत्रकच आजोबांपुढे ठेवलं. आजोबांची नजर सगळ्या ठशांवरून फिरली आणि एका चौकोनावर थांबली.

“अरे! हे तर आपलं!” त्यांचा चेहरा उजळला. “आमची ही म्हणायची, नऊ बोटं शहाणी, हे एवढं उंडगं. कागद कापायच्या यंत्रात तेच घुसलं.”

त्यांनी उजव्या तर्जनीचं थोटूक अलगद त्या चक्रावर टेकवलं आणि बराच वेळ तसंच ठेवलं. सिस्टर पत्ता उतरवून घेऊन फोन करायला धावली.

घरी चालत येताना, आपण नुसता धरून चाललेला तो शंख भिंगबाईंच्या मनातून काही केल्या जाईना. त्यांचाच नवरा एकदा रजा टाकून, दोन दिवसांचा प्रवास करून ग्रहण बघायला गेला होता. ऐन वेळी ढग आले. तरी हसत परत आला होता, आणि भिंगबाई आठवडाभर त्याच्याशी बोलल्या नव्हत्या. हे त्या विसरल्या होत्या, की विसरल्यासारखं केलं होतं, देव जाणे.

मुलगी टेबलाशी बसली होती. नकाराचं पत्र अर्धं लिहून झालं होतं.

“बाबा काय म्हणाले असते, मला माहीत नाही,” भिंगबाई दारातूनच म्हणाल्या. “सकाळी मीच नाही म्हणत होते.”

मुलीने मान वर केली. “मग?”

“मग काय? तो कागद फाड आणि दुसरा घे.” त्यांनी पिशवीतून पेन काढून पुढे केलं. “हे घे. तुझं लिहिताना अडतं.”