लाल शाईतला ळ

मी मराठीचा प्राध्यापक आहे. लोणखेड्याच्या आमच्या महाविद्यालयात क्रीडा संचालकाचं पद नऊ वर्षं रिकामं आहे, म्हणून क्रीडा विभागही माझ्याकडे आहे. म्हणजे होता. शिट्टी कशी फुंकायची हे मला संस्थेच्या एका सदस्यांनी दोन मिनिटांत शिकवलं. फॉर्म कसे भरायचे हे शिकवावं लागलं नाही. फॉर्म भरणं हा आमच्याकडचा मुख्य मैदानी खेळ आहे.

माझा खरा धंदा मात्र तिसराच. गेली चोवीस वर्षं मी य चे ळ करतो. आमच्या भागात केळीला केयी म्हणतात, शाळेला शाया, आणि पोरं बोलतात तसंच लिहितात. उत्तरपत्रिकेत ‘काये ढग’ आले की मी लाल पेनाने य वर काट मारतो आणि डोक्यावर ळ बसवतो. हजारो ढग मी असे काळे केले आहेत. घरी मी स्वतः अहिराणीच बोलतो, पण घरी लाल पेन नेत नाही.

मयूरी भोये ही नवापूरकडच्या डोंगरातली मुलगी. घरी कोकणी, म्हणजे गोव्याची नव्हे, इथल्या आदिवासींची बोली बोलणारी, शहाद्याच्या वसतिगृहात राहणारी, बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला. गळिताच्या हंगामात शहादा-प्रकाशा रस्त्यावर उसाचे ट्रॅक्टर चालतात, प्रत्येकामागे दोन ट्रॉल्या. मयूरी मागच्या ट्रॉलीपासून वीतभर अंतर ठेवून सायकल हाणायची. जगात या तंत्राला काहीतरी भारदस्त नाव असणार. ती म्हणायची, “ट्रॉलीमागे वारा नसतो सर.” शहाद्यात सायकलींचं दुकान चालवणाऱ्या मयंकने तिला एक शर्यतीची सायकल वापरायला दिली. त्या सायकलवर ती आंतरविद्यापीठ स्पर्धेत पहिली आली. समोर ट्रॉली नसताना.

मग पत्र आलं. विद्यार्थ्यांची जागतिक सायकलिंग अजिंक्यपद स्पर्धा, युरोपात. भारतीय संघात मयूरीचं नाव. प्राचार्यांनी पत्र दोनदा वाचलं आणि पुढे मार्क केलं. माझ्याकडे, अर्थात.

मयूरीने कच्चा फॉर्म मराठीत भरून आणला. आडनावाच्या रकान्यात ‘भोये’. माझा हात पेनाकडे आपोआप गेला.

“सर, य आहे,” ती म्हणाली.

“मला माहीत आहे, तुमच्याकडे य म्हणतात,” मी म्हणालो. माझा स्वर प्रेमळ होता, हे मला नीट आठवतं. “बोलताना म्हणावं. लिहिताना ळ.”

दोन वर्षं मी हजेरीला ‘भोळे’ असंच पुकारत होतो आणि ती ‘हजर सर’ म्हणत होती. कार्यालयाच्या रजिस्टरात ‘भोये’ होतं, आंतरविद्यापीठ स्पर्धेच्या यादीतही तेच गेलं होतं. ती मी कारकुनाची चूक धरून चाललो होतो. पासपोर्ट अजून हातात आलेला नव्हता. मी इंग्रजी फॉर्मवर BHOLE असं टंकलं आणि पाठवून दिलं. भोळे नावाची चांगली तीन-चार घरं माझ्या ओळखीची आहेत. भोये नावाचं एकही नव्हतं. जे मला माहीत नाही ते अशुद्ध, हा माझ्या भाषाशास्त्राचा पाया.

सत्काराच्या दिवशी मयंकने कॉलेजच्या फाटकावर फ्लेक्स लावला. बारा बाय आठ. सायकलवर वाकलेली मयूरी, खाली ठळक अक्षरांत ‘जागतिक स्पर्धेसाठी निवड : कु. मयूरी भोळे’.

“सर, तुम्हना फोटो बी टाकी दिधा, कोपरामा,” मयंक म्हणाला. “प्रेरणास्थान म्हनीसन.”

मयूरीचे वडील उदेसिंग गावाहून आले होते. नव्या पासपोर्टची पिशवी त्यांनी छातीशी धरली होती. फ्लेक्ससमोर ते उभे राहिले आणि एकेक अक्षर लावत गेले.

“मयूरी. भो. ळे.” त्यांनी फोटोकडे पाहिलं, मग परत अक्षरांकडे. “सर, फोटो आमच्या पोरीचा आहे. ही भोळे कोण?”

“छपाईची चूक,” मी म्हणालो.

“आते बोला!” मयंक म्हणाला. “नाव तुम्हीच लिखी दिधं व्हतं ना सर? कागद शे मन्हाकडे.”

उदेसिंगांनी पिशवीतून पासपोर्ट काढला आणि माझ्या हातात दिला. BHOYE. मग ते मला धीर देऊ लागले. “होतं सर. आमचं नावच तसं आहे. लवकर समजत नाही लोकांना.”

मला समजायला दोन वर्षं मिळाली होती, हे मी त्यांना सांगितलं नाही.

नावाच्या दुरुस्तीसाठी एक फॉर्म होता. मी तो त्याच दुपारी काढला. त्यात प्रश्न होता : चूक कोणाकडून झाली? पर्याय एक, खेळाडू. पर्याय दोन, संस्था. पर्याय एकला खेळाडूची सही पुरत होती. पर्याय दोनला प्राचार्यांचं पत्र, विद्यापीठाचा शिक्का आणि ‘चूक करणाऱ्या व्यक्तीचा नावानिशी लेखी खुलासा’ लागणार होता. त्या महिन्यात माझी पदोन्नतीची फाईल प्राचार्यांच्या टेबलावर होती. मी पर्याय एकवर खूण केली. वेळ वाचावा म्हणून, असं मी त्या दिवशी स्वतःला समजावलं, आणि स्वतःला ते पटलंही. मी समजावण्याचाच पगार घेतो.

वसतिगृहाच्या दारात मयूरीने कागद हातात घेतला आणि वाचला. ती वाचणार नाही अशी माझी अपेक्षा होती. दोन वर्षं माझ्या वर्गात बसून ती वाचायला शिकली होती, हाही माझाच दोष.

“सर, इथे ‘माझ्याकडून चुकीचं नाव दिलं गेलं’ असं लिहिलंय.”

“औपचारिकता असते.”

“पण मी तर...”

“मयूरी, मुदत परवापर्यंत आहे.”

तिने सही केली. ‘मयूरी उ. भोये’. त्या य ची शेपटी तिने जरा लांब ओढली.

माझी बायको रोहिणी सहकारी बँकेत आहे. सह्या तपासणं हे तिचं काम. घरी मी सगळं सांगितलं, अर्थात संपादित करून.

“सही कोननी लिधी?” तिने विचारलं.

“तिनी.”

“आनि चुकी कोननी शे?”

मी आमटीत भात कालवत राहिलो.

“मी मराठीत इचारू का?” रोहिणी म्हणाली. “अहिराणी समजत नसेल तर?”

आठवड्याने दिल्लीच्या निवड समितीचं उत्तर आलं. शर्यत जिंकली ती भोये, परदेशी निघाली ती भोळे, आणि खेळाडूनेच चुकीचं नाव दिल्याचं लेखी कबूल केलेलं. एकीच्या नावावर दुसरीच तर उतरत नाही ना? तोतयेगिरीचा संशय. प्रवेश स्थगित. मंगळवारी अकरा वाजता व्हिडिओवर सुनावणी, खेळाडू आणि तिच्या संस्थेचा प्रतिनिधी हजर राहावा. तोतया या शब्दाच्या व्युत्पत्तीवर मी एकदा पाऊण तास बोललो होतो. पहिल्या बाकावर मयूरी होती.

मंगळवारी मी तिला वसतिगृहातून मोटारसायकलवर घेतलं. ऊसतोड संपली होती, रस्ता रिकामा होता. ती मागून म्हणाली, “सर, एक सांगू?”

“सांग.”

“समजा त्यांनी पाठवलं, पण प्रमाणपत्रावर भोळेच आलं, तर मला त्याचा उपयोग नाही. वनरक्षकाची भरती आहे. खेळाडूंच्या जागा असतात. जातीच्या दाखल्यावर भोये, वैधतेवर भोये. भोळेचं प्रमाणपत्र मी कोणाचं म्हणून दाखवू?”

“बघू,” मी म्हणालो. शासकीय मराठीत या क्रियापदाला कर्ता लागत नाही.

प्राचार्य बैठकीला नाशिकला गेले होते, म्हणून त्यांच्याच केबिनमध्ये आम्ही दोघं संगणकासमोर बसलो. पडद्यावर समितीचे निरीक्षक आले. पांढरे केस, प्रसन्न चेहरा. आम्ही महाराष्ट्रातले म्हटल्यावर ते लगेच मराठीत आले. दिल्लीत बसून मराठी बोलायला मिळत नाही, म्हणाले.

“बाळ, हे दोन नावांचं काय प्रकरण आहे? पहिला फॉर्म तूच भरलास ना?”

मयूरीने माझ्याकडे पाहिलं नाही. पाहिलं असतं तर बरं झालं असतं.

“हो सर,” ती म्हणाली. “माझीच चूक.”

“आडनाव सांग बरं एकदा. सावकाश.”

“भोये.”

निरीक्षकांचा चेहरा उजळला. “अरे! म्हणजे खानदेश! मी जळगावला तीन वर्षं होतो. तिकडे ळ म्हणताच येत नाही लोकांना. केयी, शाया, बरोबर ना? म्हणजे बाळ, तुला म्हणायचंय भोळे.”

तो माझाच स्वर होता. तितकाच प्रेमळ.

“सगळा उच्चाराचा घोळ आहे,” ते पुढे म्हणाले. “तोतयेगिरी वगैरे काही नाही. मी शेरा मारतो : व्यक्ती एकच, उच्चारदोषामुळे पासपोर्टवर नाव चुकलेलं. स्पर्धेच्या यादीत आणि प्रमाणपत्रावर शुद्ध रूप भोळे ठेवू. प्रवासाला अडचण नाही. स्थगिती उठली. खूश?”

सगळं मिटलं होतं. मयूरी जाणार होती, समिती समाधानी होती, पदोन्नतीची फाईल टेबलावर, माझ्या कोपरापासून हातभर अंतरावर शांत पडली होती. मी फक्त ‘आभारी आहे’ म्हणायचं होतं. त्या शब्दांत ळ नाही, य नाही, धोका नाही.

मयूरी मांडीवरच्या ओढणीचं टोक बोटाला गुंडाळत होती. दोन वर्षं ‘हजर सर’ म्हणताना तिचा चेहरा कसा असायचा हे मला आठवेना. मी हजेरी घेताना वर पाहत नसे.

“सर,” मी म्हणालो, “य आहे.”

“काय?”

“तिचं आडनाव भोयेच आहे. बोलतानाही आणि लिहितानाही. तिने बरोबर लिहिलं होतं. ळ मी केला.”

“तुम्ही कोण?”

“मराठीचा प्राध्यापक.”

निरीक्षकांनी समोरचे कागद उलटसुलट केले.

“पण मग हा कबुलीचा कागद?” निरीक्षकांचा आवाज आता प्रसन्न नव्हता. “हिच्या सहीचा?”

“मजकूर माझा. सही मी घेतली. तिने विचारलं होतं, मी औपचारिकता आहे म्हणालो.”

“हे नावानिशी लेखी द्याल?”

“देतो.”

चोवीस वर्षांत माझ्या हातून इतकं सोपं मराठी लिहून झालं नव्हतं. ‘नजरचुकीने’ हा शब्द मी दोनदा लिहिला आणि दोनदा खोडला, कारण नजर चुकली नव्हती, ती नीट रोखून मी य खोडला होता. शेवटी लिहिलं : विद्यार्थिनीने सांगूनही मी ऐकलं नाही. खाली माझं पूर्ण नाव.

नाव दुरुस्त झालं. ती गेली. अठ्ठ्याहत्तरांत एकेचाळिसावी आली. “वारा खूप होता सर,” परत आल्यावर म्हणाली, “आणि तिकडे ट्रॉल्या नाहीत.” प्रमाणपत्रावर BHOYE होतं. मला कारणे दाखवा नोटीस आली, फाईल कपाटात गेली आणि शिट्टी जमा करून घेतली. हे सगळं मला माफक वाटलं. मी जास्त मोठ्या शिक्षेची तयारी केली होती. तशी शिक्षा झाली असती तर बहुतेक मी स्वतःला सोडून दिलं असतं.

पावसाळ्यानंतर मयंक आणि मी तिच्या गावी गेलो. मयंकला त्याने दिलेल्या सायकलसोबत मयूरीच्या घरच्यांचा फोटो काढायचा होता. मला काय करायचं होतं ते मला माहीत नव्हतं. उदेसिंगांनी खाट टाकली, मयूरीने चहा आणला. ‘सर’ म्हणाली, पूर्वीसारखंच. त्यात काही कमी झालं होतं का, हे मी शोधत राहिलो.

घरामागे भाताच्या पेंढ्याची गंजी होती. तिच्यावर पांढरा फ्लेक्स ताणून बांधलेला, कोपऱ्यांना दगड. बारा बाय आठ.

“तुमचाच आहे,” उदेसिंग म्हणाले. “फाटकावरून काढला तेव्हा मागून घेतला. मजबूत आहे. अख्खा पावसाळा पेंढा भिजला नाही.”

“आरे, मंग उलटा काब्रं टाका?” मयंकने विचारलं. “पलटी करा ना! दुकाननं नाव तरी दिखी.”

उदेसिंग माझ्याकडे पाहून ओशाळल्यासारखे हसले, जणू चूक त्यांची होती.

“मुद्दाम आत घातलंय,” ते म्हणाले. “येणारे-जाणारे वाचतात, मग विचारतात, हे भोळे कोणी लिहिलं. कोपऱ्यात सरांचा फोटो आहे. उगाच सरांचं नाव निघतं.”

मयंक दगड उचलायला वाकलाच होता.

“राहू द्या,” मी म्हणालो. “आहे तसंच राहू द्या.”